सातव्या वळणाची नवी आवृत्ती

…आणि त्या दगडाला आता शेवाळ होते.

रस्त्याकडेचा मैलाचा दगड, वरचा भाग पिवळा, खालचा पांढरा. जुन्या आवृत्तीत तो साबणाच्या वडीसारखा दिसायचा — चार बाजू, दोन रंग, संपले. आता त्याच्या डाव्या अंगावर ओलसर हिरवी लव धरली होती, वरचा कोपरा कशाचा तरी धक्का लागून उडाला होता आणि उडालेल्या जागी आतला काळा दगड उघडा पडला होता. हिमानीने माऊसचे चाक पुढे ढकलले. दगड पडदाभर झाला. तरी तो ठिपक्याठिपक्यांत विस्कटला नाही. जितके जवळ जावे तितके त्याच्यापाशी दाखवायला काहीतरी निघतच होते — रंगाचे पोपडे, पोपड्यांखाली आधीचा रंग, एक मुंगीसुद्धा. मुंगी दगड-झाडे काढणाऱ्या श्रेयाने हौसेने घातली होती. ती कुणाला दिसणार नव्हती. ताशी दीडशेच्या वेगाने इथून जाणाऱ्याला हा दगडच दिसत नाही.

थांबलेल्याला दिसतो. सगळे थांबलेल्यालाच दिसते… हे मला चांगले ठाऊक आहे, मी या दगडाशेजारी सकाळपासून उन्हे उतरेपर्यंत पडून होते.

तिने खुर्ची मागे घेतली. जालना रोडवरच्या ऑफिसच्या या तिसऱ्या मजल्यावर अजून फारसे कुणी आले नव्हते. खिडकीखाली मोंढा नाक्याच्या पुलावरून गाड्या जात होत्या आणि समोरच्या पडद्यावर घाट रिकामा, ओला, सकाळचा, स्वच्छ पडून होता. 'रपेट' हा शर्यतीचा सिम्युलेटर. त्याला खेळ म्हटलेले कंपनीच्या मालकाला, अमेयला, चालत नसे. लोक घरी टेबलाला स्टिअरिंग आवळत, पायाखाली पेडले ठेवत आणि खऱ्या गाडीचे वजन, खऱ्या टायरची पकड हातापायांत यावी म्हणून तासन्‌तास चालवत राहत. त्यातला सगळ्यांचा लाडका मार्ग म्हणजे हा घाट — अजिंठा गाव मागे टाकल्यावर फर्दापूरकडे वळत वळत उतरणारा. नऊ वर्षांपूर्वी अमेय आणि हिमानीने तो मोटारसायकलवरून कॅमेऱ्याने टिपला होता. अमेय चालवत होता, ती मागे बसून चित्र घेत होती. नंतर तिने एकटीने तो संगणकात रचला. उद्या सकाळी त्याची नवी आवृत्ती बाहेर पडणार होती. जुनी सपाट चित्रे जाऊन ओल्या डांबरात ढग दिसणार होते, दिव्यांचा उजेड कठड्यावर आपटून परत येणार होता, आणि एवढा भार घेऊनही साध्या संगणकावर चित्र अडखळणार नव्हते. अडखळू न देणे, हे हिमानीचे काम.

ते काम तिच्याकडेच येणार होते. घाटाचा जुना कोड तिचा. दुसऱ्या कुणी हात लावला की कुठेतरी रस्ताच नाहीसा व्हायचा. अमेयने फोन केला तेव्हा त्याचा आवाज अगदी सरळ होता, मध्ये नऊ वर्षे गेलीच नसावीत असा. "तीन महिन्यांचं काम आहे. तुझ्याशिवाय होणार नाही." तिने कुठलीच अट घातली नाही. येते, म्हणाली. फोन ठेवल्यावर ती बराच वेळ हसत होती, आणि स्वयंपाकघरातून बाबांनी विचारले होते, कुणाचा गं?

कारण त्या क्षणी तिला घाटात आपणच ठेवलेली ती माणसे आठवली होती.

दगडाच्या पलीकडे कठडा तुटला होता. तुटक्या कठड्यामागे उतारावर आडवी पडलेली मोटारसायकल, तिच्याशेजारी एक बाई — डावा पाय गुडघ्याखाली नको त्या दिशेने वळलेला — आणि थोडे वर, तिच्याकडे पाठ फिरवून रस्त्याच्या कडेला उभ्या असलेल्या जीपकडे चाललेला एक माणूस, डाव्या खांद्याला बॅग. सहा महिने अंथरुणात काढल्यावर, कंपनी एकट्या अमेयच्या नावावर उभी राहिली आहे हे कळल्यावर, निघून जाण्याआधी तिने शेवटचे काम म्हणून ती तिथे ठेवली होती. पण त्या काळच्या चित्रात त्यांचे काय होणार? एक काळा ठिपका, एक निळा, एक पांढरट. दूरच्या वस्तू ओबडधोबड काढायच्या म्हणजे संगणक दमत नाही, हा तिचाच नियम. त्या नियमाखाली ती माणसे नऊ वर्षे झुडपासारखी पडून राहिली. लाखो लोक त्यांच्यावरून गेले. कुणीतरी एकदा लिहिले होते, सातव्या वळणावर कचरा टाकलाय वाटतं.

आणि आता आवृत्ती बदलत होती. प्रत्येक वस्तू नव्याने, बारीक करून काढायची होती. झाडे, दगड, टपऱ्या श्रेयाकडे गेल्या. 'तुटका कठडा' हिमानीने स्वतःकडे ठेवला.

तिने तो माणूस तीन महिने घडवला. घाई केली नाही. आधी कान — अमेयच्या उजव्या कानाची पाळी चिकटलेली आहे, डाव्याची नाही. मग चाल, उजवी टाच उचलताना तो पाय किंचित बाहेर फेकतो. चौकटीचा शर्ट, बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या. पाठ फिरवलेली असली तरी मान अर्धी मागे वळलेली, कारण त्याने एकदा मागे पाहिले होते. एकदाच. ते पाहणे तिने इतक्या वेळा पुसून पुन्हा काढले की शेवटी त्यात तिला हवे ते सगळे आले: ओशाळेपणा, हिशेब, आणि घड्याळाकडे जाण्याच्या बेतात असलेली नजर. हे करताना तिला सुख होत होते. खोटे कशाला बोला, इतके सुख तिला त्या नऊ वर्षांत दुसऱ्या कशातच झाले नव्हते.

ताशी दीडशेने जाणाऱ्याला दिसणार नाही, नको दिसू दे. पण शर्यत संपली की लोक तीच शर्यत मागे नेऊन बघतात, हवी तिथे थांबवतात, नव्या चित्रांचे फोटो काढून एकमेकांना पाठवतात. नवी आवृत्ती आली की पहिल्या दिवशी सगळे शर्यत सोडून दगडच बघत फिरतात. एकाला दिसले की झाले. चेहरा तर ओळखीचा — रपेटच्या प्रत्येक जाहिरातीत अमेयच हात बांधून उभा असतो. मग विचारतील, ही बाई कोण? तुम्ही कुठे चालला आहात? आणि मी काही बोलणार नाही. मी फक्त अपघाताची तारीख सांगेन.

"ताई, आलात पण?"

श्रेया दारात होती, पाठीवर सॅक, हातात हेल्मेट. सिल्लोडची मुलगी, कॉलेज संपवून थेट इथे आलेली. दगडांवर, पानांवर जीव लावायची.

"काल तुम्ही गेल्यावर मी सगळ्या वळणांवर चित्र कसं चालतंय ते मोजलं," ती म्हणाली. "बाकी मस्त चाललंय. सातव्यावर तेवढं चित्र अडकतंय. पावसात वीस गाड्या एकदम आल्या ना, की जरासं. त्या कठड्यामागं काहीतरी लई जड आहे."

"बघते मी."

"मी उघडून बघितलं." श्रेया थोडी चाचरली. "माणसं आहेत तिथं. फार भारी केलीत, ताई. अपघात ना? त्या माणसाचा चेहरा मला कुठंतरी पाहिल्यासारखा वाटला, पण मेळ लागेना."

हिमानीने पाण्याची बाटली उघडली, एक घोट घेतला, झाकण लावले. "चेहरे सगळे सारखेच वाटतात इतके तास पडद्याकडे बघून."

"तेही खरंच. पण ताई, मी अमेय सरांना मेल टाकलाय. सातव्यावर अडकतंय म्हणून. ते म्हणाले, जेवणाआधी स्वतः चालवून बघतो."

असे ते झाले. इतक्या साध्या रीतीने. तो बघणार, लोकांच्या आधी बघणार. ही गोष्ट तिच्या योजनेत नव्हती, आणि आता लक्षात आले की ती योजनेत नव्हती हीच योजनेतली उणीव होती. लाख लोक बघतील तेव्हा त्याचा चेहरा मला कुठे दिसणार होता?

मधल्या वेळात तिने खरोखरच काम केले. मोटारसायकलच्या चाकातल्या तारा कमी केल्या, जीपच्या आतली सीट काढून टाकली — आत कुणी बघत नाही — गवताची पाती विरळ केली. चित्राचा भार हलका होत गेला. माणसाला तिने हात लावला नाही. बाईलाही नाही. बाईचा चेहरा तिने मुद्दाम अर्धवट ठेवला होता, केसांखाली. सकाळी निघताना बाबा दारात उभे राहून तिच्या डाव्या बुटाकडे बघत होते, त्या बुटाची टाच उजवीपेक्षा बोटभर जाड आहे. "उद्या संपतंय ना तुझं तिथलं?" "हो, बाबा." "बरं झालं." पुढे त्यांनी काही विचारले नाही, त्यांनी कधीच विचारले नव्हते, त्या वर्षी मुलीला उचलून न्हाणीघरात नेता नेता त्यांची कंबर गेली होती, तेही ते बोलत नसत.

आणि हिमानी गाडी फार सुंदर चालवायची. हे आता कुणाला सांगूनही पटणार नाही. रपेट अगदी कच्चा होता तेव्हा त्याच्यातली सगळ्यांत जलद फेरी हिमानीची असायची. क्लच, गिअर, ब्रेक, सगळे एका श्वासात, आणि डावा पाय इतका हलका की अमेय म्हणायचा, तुझ्या पायाला कान आहेत. तो पाय आता क्लचवर ठेवला की गुडघ्यातून एक जाडसर कळ वर चढते आणि तिथेच बसून राहते…

अमेय आला तेव्हा बाराचे ऊन खिडकीतून चाचणीच्या खुर्चीवर पडले होते. तो जाड झाला होता, पण बेढब नाही. यश अंगाला लागलेल्या माणसासारखा. त्याने खुर्ची पुढे ओढली, घड्याळ काढून टेबलावर ठेवले, स्टिअरिंग धरले.

"पाऊस लाव," तो श्रेयाला म्हणाला. "सगळ्या गाड्या सोड."

तो सुटला. मोठ्या पडद्यावर घाट अंगावर येऊ लागला, पाण्याचे फवारे, पुढच्या गाडीचे लाल दिवे ओल्या रस्त्यावर लांबत गेलेले; पहिले वळण, दुसरे… हिमानी त्याच्या मागे उभी होती. सातवे आले आणि गेले. दगड, कठडा, सगळे एका करड्या फटकाऱ्यात. काही अडले नाही.

"अरे वा," अमेय म्हणाला. "लोण्यासारखं."

पुन्हा एक फेरी. पुन्हा सातवे. पुन्हा फटकारा. तो खूश होत होता आणि प्रत्येक फेरीला जास्त जोरात जात होता, आणि हिमानीला कळले की आपणच हे केले आहे — आपण ते इतके सुरळीत केले आहे की त्याला थांबायला कारणच उरलेले नाही. चित्र अडखळले असते तर त्याने पाहिले असते. नऊ वर्षांपूर्वीही गाडी घसरली म्हणूनच तो थांबला होता. किती फेऱ्या मारशील? मार. मार जोरात. शेवटी कुठे जाशील, हा रस्ता मी रचलेला आहे.

"अमेय," ती म्हणाली, "एकदा सातव्यावर थांब."

"का?"

"थांबून बघ."

त्याने वेग कमी केला. मागच्या गाड्या भोंगे वाजवत बाजूने निघून गेल्या. त्याने गाडी कडेला लावली आणि नजर डावीकडे वळवली. तशी पडद्यावरची दुनियाही डावीकडे वळली. दगड आला. शेवाळ आले. तुटलेला कठडा, त्यामागचा उतार, आणि मग तो.

श्रेया काहीतरी सांगत होती, पावसाच्या थेंबांना कापडावर कसे मुरवले, चौकटीच्या शर्टाचा ओला भाग कसा गडद झाला. अमेय ऐकत असावा. त्याचे हात स्टिअरिंगवर तसेच होते. हिमानी बाजूला सरकली, तिला त्याचा चेहरा हवा होता, त्यासाठी तर हे सगळे. आणि तो तिला दिसला. त्यात काही नव्हते. म्हणजे — होते, पण तिने काढलेल्यांपैकी काही नव्हते. ओशाळेपणा नाही, हिशेब नाही. एखाद्याने आपल्याच घराचा जुना फोटो बघावा आणि त्यात भिंतीला कोणता रंग होता एवढेच शोधावे, तसा तो बघत होता.

"सावली जरा जास्त काळी आहे," तो शेवटी म्हणाला. "पावसात सावली इतकी पडत नाही."

"दुरुस्त करते सर," श्रेया म्हणाली.

"तू नको. ते हिमानीचं आहे." तो उठला. घड्याळ मनगटावर चढवताना त्याला पट्टा लागेना, दोनदा सुटला. मग तो हिमानीकडे बघून म्हणाला, "उद्या सकाळी सोडायचंय. काय ठेवायचं, काय काढायचं, तुझं तू ठरव. मला विचारू नकोस."

दारापर्यंत गेला, तिथे थांबला.

"बॅग उजव्या खांद्याला होती," तो म्हणाला, आणि गेला.

श्रेया बघत राहिली. आधी दाराकडे, मग पडद्याकडे, मग — हळूहळू — हिमानीच्या बुटाकडे. तिच्या चेहऱ्यावर एकेक गोष्ट जागेवर जाऊन बसताना दिसत होती. "ताई…" ती म्हणाली.

"जेवून ये तू."

"ताई, ते सर आहेत?"

"जेवून ये, श्रेया."

उजव्या खांद्याला. हिमानी त्याच्या खुर्चीत बसली, खुर्ची अजून गरम होती. तिने ते बारीक करून करून काढले आणि त्याने एका वाक्यात दुरुस्ती केली, मास्तर वहीत करतात तशी. म्हणजे त्याला आठवत होते. नऊ वर्षे तिने गृहीत धरले होते की तो विसरला असेल. विसरणे हाच तर त्याचा गुन्हा, त्यासाठीच तर आठवण करून द्यायची, जगाच्या देखत. आणि तो विसरला नव्हता. तो ते घेऊन जेवत होता, झोपत होता, जाहिरातीत हात बांधून उभा राहत होता. तिला जास्त राग आला. विसरलेल्या माणसाला एकदा क्षमा तरी करता येते, या अशा माणसाचे काय करायचे?

त्या दिवशी घाटात पहाटेचा गारवा होता. सातव्या वळणावर त्याने वेळ वाचवण्यासाठी गाडी फार आत घेतली, वाळूवरून चाक निसटले. ती पडली तिथून तिला आकाश आणि हा दगड एवढेच दिसत होते. तो उठून आला होता. तिच्या पायाकडे त्याने पाहिले, मग कॅमेरा उघडून पाहिला. "चित्र शाबूत आहे," म्हणाला — हे मी स्वतः ऐकले, हे मी रचलेले नाही. दुपारी शहरात लोक भेटायला येणार होते, पैसे लावणारे, पुन्हा येणार नाहीत असे. वरून एक जीप आली. "मी गाडी पाठवतो," तो म्हणाला. "तासाभरात. हलू नकोस." गाडी आली तेव्हा उन्हे उतरली होती. तोवर मेंढरे चारणारी एक बाई, बानाबाई, तिचे डोके मांडीवर घेऊन बसली होती. घोंगडी घातली, पाणी पाजले, हिमानी ओरडली की तीही बरोबर ओरडायची, म्हणजे पोरीला एकटे वाटू नये.

ती बाई चित्रात नव्हती. तिच्याविरुद्ध कसलीच तक्रार नव्हती, म्हणून हिमानीने तिला काढलेच नव्हते. या बानामावशीशी फोन मात्र होत असे, सणावाराला, एरवीही. बोलण्यासारखे फार नसायचे. पाय कसाय, मेंढरे कशी आहेत.

चारच्या सुमाराला, सावली फिकट करत असताना, तिचाच फोन आला. हिमानीला क्षणभर भीती वाटली.

"का गं माय, कामात हायीस का?"

"नाही मावशी, बोला. बऱ्या आहात ना?"

"म्या बरी. आमच्या मालकाचा, आप्पाचा गुडघा तेवढा धरलाय. सून म्हनती, फोन लाव ताईला, म्हून लावला." मागे मेंढरे ओरडत होती, आणि त्यांच्याही मागे कसल्या तरी यंत्राची घरघर. "हितं तुझ्या त्या वळणावर खोदायलेत बघ. रस्ता रुंद करायलेत म्हनं. कठडा समदा काढला. खाली नाल्यात यंत्र उतरवलं तर काय काय घावलं, बाटल्या म्हनू नको, चपला म्हनू नको. चपला बघून मला तुझी याद आली."

"माझी?"

"तुझी एक ऱ्हायली व्हती ना. त्या पोरानं लई हुडकली त्या राती."

हिमानीने माऊसवरचा हात उचलला. "कोणत्या पोरानं?"

"तुझा तो. गाडीवाला."

"मावशी, तो सकाळीच गेला होता. जीपमधून."

"गेला व्हता की. मंग आला. तुला नेलं, अंदार पडला, म्या मेंढरं वाड्यात घालायले अन् खाली बत्ती दिसली. आप्पा म्हनले, कोन हाय बघ गं. तर ह्यो. एक चप्पल हातात. म्हनला, एक घावली, दुसरी पायजे. नाल्यात उतरून हुडकायला. आप्पा म्हनले, बाबा, सकाळच्याला उजेडात बघ, जनावर असतंय हितं. ऐकंना. हातबी सरळ व्हईना त्याचा."

"हात?"

"डावा. असा पोटाशी धरला व्हता. भाकर दिली, खाल्ली नाय. लई उशिरानं गेला."

"काय बोलला तो?"

"काय बी नाय. तुला कुठं नेली, एवढंच इचारलं."

यंत्राची घरघर थांबली आणि पुन्हा सुरू झाली. हिमानी म्हणाली, "तुम्ही मला कधी सांगितलं नाहीत."

"तू कधी इचारलं नाय, माय. अन् म्या म्हनलं, त्यानं सांगितलं असंल. तुमचं तुमच्यात." मग आवाज जरा खाली आला. "नाय सांगितलं व्हय?"

"नाही."

"मंग ऱ्हाऊ दे. लई वरसं झाली. पाय कसाय?"

"बराय, मावशी."

फोन ठेवला तरी तो तिच्या हातात होता. समोर सातवे वळण, पाऊस थांबवलेला, प्रत्येक थेंब हवेत लटकलेला. तिला ते नको होते. हे तिने लगेच, स्पष्ट, मनात शब्द जुळवून म्हटले: मला हे नको आहे. पाय मोडलेल्या बाईला टाकून जो गेला तो पुरेसा होता, पूर्ण होता, त्याच्यात कमी-जास्त करायला जागा नव्हती. आणि आता त्याच्या मागून दुसरा एक चालत येत होता, अंधारातून, बत्ती घेऊन, एका हाताने. काय उपयोग होता त्याचा? चपलेने हाड जुळणार होते? मी सिल्लोडच्या दवाखान्यात ओरडत होते तेव्हा हा नाल्यात चप्पल शोधत होता — इतका वेडा, इतका निरुपयोगी. तो दवाखान्यात यायला हवा होता. चार दिवसांनी आला, फळे घेऊन, डावा हात पँटच्या खिशात घालून, आणि लोकांना चित्र फार आवडले एवढेच बोलत राहिला. मी त्या खिशातल्या हातालाही मग्रुरी समजले होते. आणि कंपनी? ती काय अंधारात शोधताना चुकून त्याच्या नावावर झाली? नाही. ते तो उजेडात, सह्या करून, दोन्ही हातांनी… निदान उजव्या हाताने करत होता.

म्हणून बॅग उजव्या खांद्याला.

तिने त्या माणसाच्या खांद्याकडे पाहिले. डावा खांदा तिने सरळ, ताठ काढला होता. तिची चूक नव्हती, तिला तो खालून, उताणे पडून दिसला होता. बाकी सगळे खरे होते. मान वळली होती, तो गेला होता, कॅमेरा आधी पाहिला होता. उद्या लाख लोक जे बघणार ते खरेच बघणार. त्यात तो जाताना दिसणार आणि परत येताना दिसणार नाही. पण हे वळण सकाळचे आहे, सकाळी तो परत आला नव्हता. मी कुठे खोटे बोलते आहे? तिने स्वतःलाच विचारले आणि उत्तर कुठेच अडले नाही. कुठेच नाही. मग हात का थांबला आहे?

बाहेरच्या खोलीत श्रेया सगळे बंद करत होती. दुपारपासून ती जपून बोलत होती, आजारी माणसाच्या घरात बोलावे तशी. दारातून तिने विचारले, "ताई, सगळं एकत्र करून लावू का? सहा वाजत आले. रात्रभर चाचणी चालेल, सकाळी सुटेल आपोआप."

"थांब."

"थांबते. किती वेळ?"

"सांगते," हिमानी म्हणाली.

"मी तुमच्या बाजूनं आहे, ताई," श्रेया हळूच म्हणाली. "ठेवा ते. बघू दे सगळ्यांना."

ऐकायला हवे होते ते हेच, नऊ वर्षे. आणि आता ऐकताना हिमानीला त्या मुलीचाच राग आला. तुझे काय आहे यात? तू कशाला बाजूने? लाख लोकही असेच येणार होते, तावातावाने, बाजूने. त्याला शिव्या देणार, तिच्या पायावर हळहळणार, दोन दिवस, चार दिवस, आणि मग दुसऱ्या घाटात निघून जाणार. त्यांच्या गर्दीत अमेय पुन्हा एकदा सुटणार होता. तो माफी मागेल, छान शब्दांत मागेल, हात बांधून मागेल, सगळ्यांची. आणि ती चप्पल? ती त्याने कुठे ठेवली, की फेकली, की अजून त्याच्या कपाटात आहे, बायकोला काय सांगून… हे लाखातल्या एकालाही विचारता येणार नव्हते. त्याने हे मला सांगायला हवे होते. माझी चप्पल होती, माझा पाय होता. ती रात्र त्याने स्वतःजवळ ठेवली, कंपनी ठेवली तशीच, कागदावर माझे नाव न घालता. आजही दारात थांबून त्याने त्यातला एवढासा तुकडा दिला, खांद्याचा, आणि बाकीचे घेऊन गेला.

तिच्या आत काहीतरी जागा बदलत होते. राग कमी झाला नव्हता. उलट तो गोळा होत होता, इतकी वर्षे दूर दूर पसरलेला, ओबडधोबड, तो जवळ येत बारीक होत होता, त्याला कडा येत होत्या. लोकांनी बघावे ही भूक कधी गेली ते तिला कळले नाही. तिला आता एकच माणूस हवा होता, इथे, या खुर्चीत, पाठ न फिरवता. आणि तिला प्रश्न विचारायचे होते, एकेक, सावकाश, आणि प्रत्येकाचे उत्तर मिळेपर्यंत त्याला उठू द्यायचे नव्हते. सगळी उत्तरे मिळाल्यावरही ती त्याला सोडणार नव्हती, हे तिला माहीत होते. पण ते नंतरचे.

अमेयच्या केबिनचे दार उघडले. त्याची पावले आली. उजवी टाच किंचित घासत. ती बाहेर श्रेयाच्या टेबलापाशी थांबली.

"झालं का लावून?"

"ताई थांब म्हणाल्यात सर."

पावले तिथेच राहिली. ना जिन्याकडे गेली, ना आत आली. हिमानी भरलेल्या पडद्यासमोर बसून होती, आणि तोंडात आलेले नाव तिने अजून उच्चारले नव्हते. पण ते नाव तिथे होते, कुठल्याही शिवीशिवाय, जड, पहिल्यांदाच नुसते एका माणसाचे, आणि ते बाहेर पडले तर हाक होईल की आरोप, हे तिचे तिलाच ठरवता येत नव्हते.